'परफेक्ट ब्लू' : आयडॉलची प्रतिमा आणि 'मी' म्हणण्याचा अधिकार

प्रास्ताविक

जपानी लोकप्रिय संस्कृतीची महाराष्ट्रातील ओळख मुख्यतः मुलांच्या दूरचित्रवाणी वाहिन्यांवरून झाली. 'डोरेमॉन' आणि 'शिनचॅन' हिंदी संवादांसह घराघरांत पोहोचले आणि जपानी ॲनिमेशन म्हणजे बालरंजन, असा समज त्यातून रुजला. आजच्या विद्यार्थ्यांनी तो केव्हाच मागे टाकला आहे. प्राध्यापकवर्गात मात्र तो अद्याप टिकून आहे, असे म्हटल्यास फारसे वावगे ठरू नये. या समजाला छेद देणाऱ्या कलाकृतींमध्ये सातोशी कोन (१९६३–२०१०) यांच्या 'परफेक्ट ब्लू' या चित्रपटाचा क्रम बराच वरचा लागतो. मॅडहाउस स्टुडिओने निर्माण केलेला हा सुमारे ८१ मिनिटांचा ॲनिमेशनपट १९९७ मध्ये प्रथम महोत्सवांतून दाखवला गेला आणि १९९८ मध्ये जपानी चित्रपटगृहांत आला. दिग्दर्शक म्हणून कोन यांचा हा पहिलाच चित्रपट. योशिकाझु ताकेउची यांच्या १९९१ च्या कादंबरीचा त्याला आधार आहे. परंतु कोन व पटकथाकार सादायुकी मुराई यांनी मूळ कथेतील आयडॉल, भय आणि पाठलाग करणारा चाहता एवढे ठेवून बाकीची रचना जवळजवळ नव्याने केली.

कथानक थोडक्यात असे : 'चॅम' या तीन मुलींच्या गायनसमूहातील मिमा किरिगोए एजन्सीच्या निर्णयानुसार समूह सोडून अभिनेत्री होते. एका दूरचित्रवाणी मालिकेत तिला किरकोळ भूमिका मिळते. ती वाढावी म्हणून तिला बलात्काराचे दृश्य स्वीकारावे लागते आणि पुढे नग्न छायाचित्रेही काढली जातात. दरम्यान 'मिमाची खोली' नावाच्या संकेतस्थळावर कोणीतरी तिच्याच नावाने तिची रोजनिशी लिहीत असते. मालिकेच्या लेखकाचा आणि छायाचित्रकाराचा खून होतो. आयडॉलच्या पोशाखातील एक दुसरी मिमा तिला आरशात, संगणकाच्या पडद्यावर, गाडीच्या काचेत दिसू लागते आणि खरी मिमा आपणच असल्याचे सांगते. अखेरीस उलगडते ते असे की, त्या रोजनिशीमागे आणि खुनांमागे मिमाची व्यवस्थापिका रुमी आहे. ती स्वतः एके काळची आयडॉल.

हा चित्रपट बहुधा दुभंगलेल्या व्यक्तिमत्त्वाचा मानसशास्त्रीय रहस्यपट म्हणून वाचला जातो. त्यातील स्वप्न व वास्तव यांची सरमिसळ, एका दृश्यातून दुसऱ्यात नकळत घसरणारे संकलन आणि मालिकेतील मालिका यांमुळे असे वाचन स्वाभाविकही आहे. तथापि या वाचनात दुभंग मिमाच्या मनात शोधला जातो, आणि तेथेच त्याची मर्यादा आहे. दुसरी मिमा मिमाच्या मनाने निर्माण केलेली नाही. ती एजन्सीने घडवली, चाहत्यांनी विकत घेतली आणि रुमीने लिहिली. मिमाच्या वाट्याला येते ते केवळ तिचे दिसणे. म्हणून 'परफेक्ट ब्लू'चा खरा प्रश्न मनोविकाराचा नसून मालकीचा आहे. एका जिवंत मुलीच्या नावाने 'मी' म्हणण्याचा अधिकार कोणाकडे असतो, हे तो विचारतो.

अपुरेपणाचा व्यापार

'आयडॉल' (जपानी उच्चार 'आयदोरु') हा शब्द जपानमध्ये रूढ होण्यास १९६० च्या दशकाच्या मध्यावर तेथे प्रदर्शित झालेला, सिल्व्ही व्हार्टान हिची भूमिका असलेला एक फ्रेंच चित्रपट निमित्त झाला, असे सामान्यतः मानले जाते. परंतु आयडॉल ही व्यवस्था म्हणून उभी राहिली ती दूरचित्रवाणीमुळे. निप्पॉन टेलिव्हिजनवर १९७१ ते १९८३ या काळात चाललेल्या 'स्टार तान्जो!' या स्पर्धा-कार्यक्रमात शाळकरी वयाच्या मुली प्रेक्षकांसमोर गात आणि एजन्सींचे प्रतिनिधी तेथल्या तेथे आपली पसंती कळवीत. निवड होण्याचा क्षणच करमणुकीचा भाग झाला. गायिका तयार होऊन रंगमंचावर येण्याऐवजी तिचे तयार होणे हेच विक्रीला आले.

आयडॉल आणि कलावंत यांतील फरक येथे आहे. आयडॉलकडून कौशल्याच्या परिपूर्णतेची अपेक्षा नसते. किंबहुना थोडे चुकणे, थोडे अडखळणे हे तिच्या मालाचे मूल्य असते. चाहता तिच्या घडणीत आपणही सहभागी आहोत, अशी भावना विकत घेतो. या व्यापारात एकच अट फार कडक असते : घडण पूर्ण होता कामा नये. मुलगी मोठी झाली की व्यवहार संपतो.

म्हणूनच आयडॉलच्या इतिहासातील सर्वाधिक स्मरणात राहिलेले क्षण हे निरोपाचे आहेत. 'कँडीज' या त्रयीने १९७७ च्या उन्हाळ्यात चालू कार्यक्रमात रंगमंचावरूनच आपल्याला पुन्हा सामान्य मुली व्हायचे असल्याचे सांगितले आणि एप्रिल १९७८ मध्ये कोराकुएन स्टेडियमवर अखेरचा कार्यक्रम केला. मोमोए यामागुची हिने ऑक्टोबर १९८० मध्ये बुदोकान सभागृहातील निरोपाच्या कार्यक्रमाअखेर ध्वनिक्षेपक रंगमंचावर ठेवला आणि ती निघून गेली. तेव्हा ती २१ वर्षांची होती. या निरोपांचे आजही होणारे कौतुक बारकाईने पाहिले, तर त्यात एक कबुली दडलेली आढळते : सामान्य माणूस होणे हा या व्यवसायात अपवादात्मक, जाहीर करावा लागणारा निर्णय आहे.

पुढे १९८५ मध्ये फुजी टेलिव्हिजनच्या संध्याकाळच्या एका कार्यक्रमातून 'ओन्यान्को क्लब' उभा राहिला. त्यातील मुलींना सदस्य क्रमांक होते आणि समूह सोडण्याला 'पदवी घेणे', म्हणजे 'सोत्सुग्यो', असे म्हणण्याची रीत याच सुमारास पक्की झाली. शाळेतून उचललेला हा शब्द मोठा सोयीचा आहे. काढून टाकणे, सोडून जाणे, वय झाल्याने बाजूला सारले जाणे या साऱ्यांवर तो समारंभाचे वस्त्र पांघरतो. (पदवी देणारी संस्था कोणती विद्या शिकवते, हा प्रश्न अर्थातच विचारायचा नसतो.) मिमाही 'चॅम'मधून अशीच पदवी घेऊन बाहेर पडते. तिच्यासाठी हा निर्णय एका कचेरीत, टेबलापलीकडे बसलेल्या दोघांच्या वादातून झालेला असतो. एजन्सीचे प्रमुख तादोकोरो म्हणतात की आता आयडॉलना बाजार उरलेला नाही; रुमी म्हणते की मिमाला गाण्यासाठीच आणले होते. मिमा मध्ये बसून दोघांकडे आळीपाळीने पाहते. पुढील सर्व चित्रपट या बैठकीत बीजरूपाने आहे.

'मिमाची खोली'

आरंभीचा प्रसंग या दृष्टीने पुन्हा पाहण्याजोगा आहे. उघड्या रंगमंचावर 'चॅम'चा कार्यक्रम चालू आहे. त्याच्या मधूनमधून मिमा दुकानात खरेदी करताना, आगगाडीत बसलेली, घरी माशांना खाद्य घालताना दिसते. दोन्ही मिमा एकाच मुलीच्या आहेत आणि त्यांत अद्याप भांडण नाही. गर्दीत उभा असलेला 'मी-मेनिया' नावाचा चाहता हात पुढे करतो आणि त्याच्या नजरेतून पाहिल्यास मिमा त्याच्या तळहातावर नाचत असल्याचा भास होतो. भास साधा, कोनाच्या खेळाने साधलेला. पण सबंध उद्योगाचे व्याकरण त्या एका चौकटीत आले आहे.

चित्रपट बनला तेव्हा घरोघरी इंटरनेट नवीन होते. मिमाला संगणक जोडून देते, संकेतस्थळ कसे उघडायचे ते शिकवते ती रुमीच. पहिल्यांदा 'मिमाची खोली' वाचताना मिमा हसते. गाडीतून उतरताना आपण कोणता पाय आधी टाकतो, दुकानातून कोणते दूध आणले, हे कोणाला तरी ठाऊक आहे याची तिला गंमत वाटते. काही क्षणांनी हसू मावळते. यातील भयाचे कारण नीट समजून घेणे आवश्यक आहे. रोजनिशीत खोटे लिहिलेले असते म्हणून ती घाबरत नाही. खरे लिहिलेले असते म्हणून घाबरते. पुढे मालिकेचे चित्रीकरण सुरू झाल्यावर रोजनिशीतील मिमा आपल्याला हे करायचे नव्हते, आपल्यावर सक्ती झाली, असे लिहू लागते. खऱ्या मिमाला हे वाक्य उघडपणे उच्चारण्याची मुभा नाही. म्हणजे बनावट मिमा खऱ्या मिमापेक्षा अधिक स्पष्ट बोलते. तोतया आवाज आणि दडपलेला आवाज हे एकच होऊन बसतात, हा या पटकथेतील सर्वांत सखोल भाग होय.

रोजनिशी लिहिणाऱ्याला आपण मिमा असल्याची खात्री आहे. मिमाला स्वतःविषयी तशी खात्री नाही, आणि ते वेडाचे लक्षण मानण्याचे कारण नाही. एकवीस वर्षांच्या, व्यवसाय बदलणाऱ्या कोणत्याही मुलीची हीच अवस्था असते. प्रतिमा मात्र कधी गोंधळत नाही. बदलण्याची, चुकण्याची, नको ते करून पाहण्याची मोकळीक जिवंत माणसालाच असते आणि नेमकी तीच चाहत्याला विश्वासघातासारखी भासते. फॅक्स यंत्रातून मिमाच्या खोलीत येणाऱ्या कागदावर पुन्हा पुन्हा तोच आरोप छापलेला असतो.

होकार

मालिकेतील बलात्काराच्या दृश्याचे चित्रीकरण हा 'परफेक्ट ब्लू'चा मध्यबिंदू. ही योजना पुढे येते तेव्हा रुमी विरोध करते. मिमा हसऱ्या चेहऱ्याने होकार देते. कोणीही तिला धमकावीत नाही. कोणी आवाजही चढवीत नाही. प्रत्यक्ष चित्रीकरणात काम मध्येच थांबते, दिवे व कॅमेरा हलतात, आणि त्या विरामात हल्लेखोराची भूमिका करणारा नट तिच्या अंगावरूनच हळूच तिची क्षमा मागतो. कोन यांनी हा तपशील ठेवला नसता तर दृश्य सोपे झाले असते. त्या स्टुडिओत दुष्ट कोणीच नाही. प्रत्येकजण सभ्य आहे, प्रत्येकजण आपले काम करीत आहे. नियंत्रण कक्षात बसलेल्या रुमीला मात्र ते पाहवत नाही आणि ती रडत बाहेर निघून जाते.

रात्री मिमा घरी येते. टाकीतील मासे मेलेले असतात. त्यानंतर ती जे बोलते, त्याचा आशय असा की हे अर्थातच करायचे नव्हते. पण इतक्या लोकांना अडचणीत टाकणे शक्य नव्हते. ज्या होकाराला एजन्सी 'व्यावसायिक धैर्य' म्हणाली, त्याचा अर्थ येथे कळतो. नकार देणे शक्य होते. परंतु नकाराचा भार एकट्या मिमावर आणि होकाराचा लाभ इतर सर्वांना, अशी ती मांडणी होती.

या ठिकाणी 'जपानी मनोवृत्ती'चे स्पष्टीकरण हाताशी येते. अंतरीचे मन म्हणजे 'होन्ने' आणि लोकांपुढील वर्तन म्हणजे 'तातेमाए' ही जोडी जपानविषयीच्या लेखनात इतकी वापरून गुळगुळीत झाली आहे की तिने काहीही सिद्ध करता येते. मिमाच्या होकारासाठी राष्ट्रीय स्वभावाची गरज नाही. करार, वय, एजन्सीच्या प्रमुखाचे उपकार आणि प्रतीक्षेत उभ्या असलेल्या दुसऱ्या मुली एवढी कारणे पुरेशी आहेत.

चित्रपटाची पळवाट

एवढे श्रेय दिल्यानंतर हेही नमूद केले पाहिजे की, आपण उभ्या केलेल्या प्रश्नाला सामोरे जाताना हा चित्रपट शेवटच्या टप्प्यात कच खातो. गुन्हेगार म्हणून तो कोणाला पुढे करतो? एक विद्रूप चेहऱ्याचा एकलकोंडा चाहता आणि एक वय उलटलेली, स्थूल, अपयशी स्त्री. जपानमध्ये १९८९ मध्ये लहान मुलींच्या हत्यांप्रकरणी त्सुतोमु मियाझाकी याला अटक झाल्यानंतर ॲनिमे व चित्रफितींच्या छंदात बुडालेल्या तरुणांविषयी, म्हणजे 'ओताकु'विषयी, समाजात मोठी धास्ती पसरली होती. मी-मेनियाचे चित्रण त्या धास्तीवर विसंबून आहे. त्याचा चेहरा पाहूनच प्रेक्षकाने निवाडा करावा, अशी सोय चित्रकाराने केली आहे. कोन यांच्याच 'मिलेनियम ॲक्ट्रेस' (२००१) मध्ये वृद्ध अभिनेत्रीची मुलाखत घेणारा गेन्या ताचिबाना हाही चाहताच आहे, आणि तो तिच्या आठवणींत शिरून तिच्या मदतीला धावतो. ते चित्रण अधिक उदार आहे. परंतु तेथेही उद्योग प्रश्नांच्या बाहेरच राहतो.

रुमीच्या बाबतीत अन्याय अधिक गंभीर आहे. सबंध चित्रपटात मिमाच्या वतीने आक्षेप घेणारी ती एकमेव व्यक्ती. तिलाच खुनी ठरवल्याने आक्षेपच रोगाचे लक्षण ठरतो आणि तादोकोरो, ज्यांनी प्रत्येक निर्णय घेतला, ते बळी म्हणून मरतात. अखेरच्या पाठलागात रुमी आयडॉलचा पोशाख घालून धावते. प्रेक्षकाला ती तरळत जाणारी सडपातळ मिमा दिसते आणि दुकानांच्या काचांत मात्र धापा टाकणारी प्रौढ बाई. हे दृश्य तंत्रदृष्ट्या विलक्षण आहे. परंतु भीतीबरोबर तेथे जे हसू येते, ते नेमके आयडॉल-व्यवस्थेचेच हसू आहे : वय झालेल्या स्त्रीने तो पोशाख घालावा, हेच हास्यास्पद.

कॅमेऱ्याविषयीही असेच म्हणावे लागते. मिमाचे नग्न छायाचित्रण हा शोषणाचा प्रकार आहे, असे चित्रपट म्हणतो आणि ती छायाचित्रे प्रेक्षकासमोर मांडतोही. यावर असे उत्तर देता येईल की, प्रेक्षकाला त्याच्या नजरेची लाज वाटावी, हाच हेतू आहे. ॲनिमेशनमध्ये कोणत्याही नटीला प्रत्यक्ष त्या प्रसंगातून जावे लागत नाही, हाही मुद्दा दुर्लक्षणीय नाही. किंबहुना हा विषय हाताळण्यास हे माध्यम त्यामुळेच अधिक नैतिक ठरते. तरीही लाज आणि चव यांतील सीमारेषा दिग्दर्शकाने सर्वत्र सांभाळली आहे, असे म्हणता येत नाही.

पडद्याबाहेर

चित्रपटातील तादोकोरोंचा अंदाज चुकीचा ठरला. आयडॉलना बाजार उरला नाही असे नव्हे, तर त्या बाजाराची रचना बदलायची होती. डिसेंबर २००५ मध्ये तोक्योच्या आकिहाबारा भागातील एका छोट्या नाट्यगृहात 'एकेबी४८' हा समूह सुरू झाला. त्याचे सूत्रधार गीतकार यासुशी आकिमोतो. 'ओन्यान्को क्लब'ची गीतेही त्यांचीच. 'भेटता येणाऱ्या आयडॉल' ही त्यांची कल्पना. गाण्याच्या तबकडीबरोबर हस्तांदोलनाचे तिकीट मिळू लागले आणि २००९ ते २०१८ या काळात दरवर्षी झालेल्या 'निवडणुकी'साठी मतपत्रिकाही. एका चाहत्याने एकाच तबकडीच्या अनेक प्रती घेणे हा अपवाद न राहता हिशेबाचा पाया झाला. मी-मेनियाच्या तळहातावरील भास आता काही सेकंदांच्या खऱ्या स्पर्शात रूपांतरित झाला होता.

त्याबरोबर आले प्रेमसंबंधांवरील बंधन. जानेवारी २०१३ मध्ये मिनामी मिनेगिशी या वीस वर्षांच्या सदस्येचे वृत्त एका साप्ताहिकात आले. त्यानंतर तिने केस पूर्ण काढून, रडत क्षमा मागतानाची चित्रफीत समूहाच्या अधिकृत वाहिनीवर झळकली. तिला प्रशिक्षणार्थीच्या श्रेणीत उतरवण्यात आले. हे बंधन न्यायालयातही गेले. सप्टेंबर २०१५ मध्ये तोक्यो जिल्हा न्यायालयाने एका माजी आयडॉलला नियमभंगाबद्दल एजन्सीला सुमारे साडेसहा लाख येन भरपाई देण्यास सांगितले. जानेवारी २०१६ मध्ये त्याच न्यायालयाने दुसऱ्या प्रकरणात एजन्सीची मागणी फेटाळली आणि प्रेम हा व्यक्तीच्या सुखप्राप्तीच्या स्वातंत्र्याचा भाग मानला. चार महिन्यांच्या अंतराने दिलेले हे दोन निवाडे परस्परांसमोर ठेवले म्हणजे 'परफेक्ट ब्लू'तील प्रश्न अजून कोणत्या टप्प्यावर आहे, हे ध्यानात येते.

हिंसेच्या बाबतीतही वास्तव पटकथेच्या मागे राहिले नाही. मे २०१४ मध्ये इवाते प्रांतातील हस्तांदोलनाच्या कार्यक्रमात 'एकेबी४८'च्या दोन सदस्यांवर एका तरुणाने करवतीने हल्ला केला. मे २०१६ मध्ये तोक्योतील कोगानेई येथे एका विद्यार्थिनी गायिकेला चाहत्याने चाकूने भोसकले, ती वाचली. समाजमाध्यमांवरील त्याच्या मजकुराविषयी तिने आधीच पोलिसांकडे धाव घेतली होती. सर्वांत जवळचे साधर्म्य मात्र निइगाता येथील आहे. डिसेंबर २०१८ मध्ये 'एनजीटी४८'ची सदस्य माहो यामागुची हिला तिच्या घराच्या दारातच दोन पुरुषांनी गाठले. महिनाभर काही घडले नाही, म्हणून तिने ते स्वतःच जाहीर केले; आणि दोनच दिवसांनी, जानेवारी २०१९ मध्ये, रंगमंचावर उभे राहून लोकांना त्रास दिल्याबद्दल तिनेच क्षमा मागितली. त्याच वर्षी मे महिन्यात तिने 'पदवी' घेतली.

हे सर्व ज्ञात असताना चित्रपटाचा शेवट पूर्वीइतका निर्धोक वाटत नाही. काही काळानंतर मिमा, आता प्रस्थापित अभिनेत्री, मनोरुग्णालयात रुमीला भेटायला येते. आरशासमोर बसलेली रुमी अद्याप आयडॉलच आहे. बाहेर पडताना परिचारिका आपसात कुजबुजतात की एवढी मोठी नटी येथे कशाला येईल, ही तिच्यासारखी दिसणारी दुसरीच कोणी असावी. मिमा गाडीत बसते, काळा चष्मा काढते आणि पुढच्या आरशात पाहून आपण खरीच असल्याचे सांगते. अनेक समीक्षकांना हा विजय वाटतो. परंतु हे वाक्य ती परिचारिकांना सांगत नाही, एजन्सीला सांगत नाही. बंद गाडीत, एका आरशाला सांगते, आणि त्या आरशाच्या चौकटीतून तिची नजर थेट कॅमेऱ्याकडे, म्हणजे तिकीट काढून बसलेल्या माणसाकडे, लागलेली असते.